अनगोळचीचा पदर

जत्रेच्या नाटकाला गेलो की गावात आम्हाला नाव नसतं. बसमधून उतरलो, हातात साड्यांच्या पिशव्या दिसल्या, की कट्ट्यावरचा कुणीतरी ओरडतो, "पात्रं आली रं, पात्रं आली!" आम्ही म्हणजे पात्रं. दोघींत फरक करायची वेळ आली तर बेळगावातल्या आमच्या भागांवरून मी वडगावची आणि ती अनगोळची. बावीस वर्षं आम्ही दोघी अशाच फिरलो, आणि त्यातली शेवटची दोन वर्षं मला पक्कं वाटत होतं की ही बाई माझं हसू चोरते आहे.

मी संशयी आहे, हे आधीच सांगून टाकते. भाजीवालीने वजन केलं की मी काट्याकडे बघत नाही, तिच्या तोंडाकडे बघते. कुणी माझी फार स्तुती करायला लागला की याला काय हवंय, हा प्रश्न आधी पडतो. हा गुण आईकडून आला. त्यावरच मी पोट भरलं, म्हणून त्याला नावं ठेवणार नाही.

आमचं काम असं. बेळगाव, खानापूर, निपाणीकडच्या गावांत जत्रेला नाटक बसवतात. पुरुषांची कामं गावातलेच करतात. कुणी शेतकरी, कुणी सुट्टीवर आलेला जवान, कुणी शहरात कारखान्यात कामाला. दोन महिने तालमी करतात, घसा बसवून घेतात. बायकांची कामं करायला मात्र गावातली बाई उभी राहत नाही, म्हणून आम्हाला बोलावतात. आम्ही नाटकाच्या दिवशी दुपारी पोचतो, शाळेच्या खोलीत एकदा सगळं म्हणून घेतो आणि त्याच दिवशी तोंडाला रंग लावून उभ्या राहतो. तीसेक नाटकं आम्हाला तोंडपाठ असतात. नायिका, गरीब बहीण, छळ सोसणारी सून ही कामं अनगोळचीची. मोलकरीण, भांडकुदळ शेजारीण, खाष्ट सासू ही माझी. म्हणजे रडवायचं तिने आणि हसवायचं मी.

आता हसवण्याबद्दल एक गोष्ट सांगायला हवी, नाहीतर पुढचं कळणार नाही. ज्या वाक्याला लोक हसतात त्याला आम्ही जागा म्हणतो. वाक्य टाकायचं, लोक हसायला लागले की थांबायचं, आणि हसू पुरतं विरायच्या जरासं आधी पुढचं वाक्य घ्यायचं. लवकर बोललं तर हशा मरतो आणि उशीर केला तर नाटक मरतं. आणि तुमच्या जागेवर शेजारच्या पात्राने नुसतं नाक जरी पुसलं तरी लोकांचे डोळे तिकडे वळतात. त्याला जागा मारणं म्हणतात. आमच्यात त्यापेक्षा मोठं पाप नाही.

मी हसवायला शिकले ती मागावर. वडगावात आमच्या घरी पुढच्या खोलीत चार यंत्रमाग होते, मागच्या खोलीत आम्ही राहायचो. सकाळी माग सुरू झाले की घरातलं बोलणं संपायचं. तोंडं चालायची, पण आवाजाचा उपयोग नसायचा. सुताच्या कांड्या संपल्या, चहा ठेवलाय, दारात पाहुणे आलेत, सगळं भुवया, ओठ आणि हनुवटी यांनीच सांगायचं. आई मागाच्या पलीकडून नुसती डावी भुवई उचलायची, आणि मला कळायचं की दूध उतू गेल्याचं तिला समजलंय, आणि ते कुणामुळे गेलं तेही. लाईट गेली की माग एकदम थांबायचे, पण गल्ली पुढची दोन मिनिटं तशीच ओरडत राहायची. नवीन पाहुण्याला वाटायचं, मारामारी लागली.

पहिल्यांदा स्टेजवर उभी राहिले ती गल्लीच्या गणपतीत. मोलकरणीचं काम ज्याला दिलं होतं तो मिशी काढायला तयार होईना. म्हणून मला ढकललं. वाक्यं दोनच होती. बाकीचं मी मागावरच्यासारखं तोंडाने केलं, आवाज न करता, आणि लोक असे हसले की मला आधी वाटलं माझं लुगडं सुटलंय. लग्नानंतरही हे चालू राहिलं. नाटकात जाऊ का, असं नवऱ्याला मी माग चालू असताना विचारलं. त्याने मान हलवली. त्याला काय ऐकू आलं होतं ते त्याने मरेपर्यंत सांगितलं नाही.

एकदा खानापूरच्या पुढच्या एका गावात परवानगीवरून काही कुरबुर झाली होती आणि नाटकात कुणी वावगं बोलतंय का ते बघायला एक पोलीस पहिल्या रांगेत आणून बसवला. कन्नड मुलखातला, नवीन बदलून आलेला. मराठी त्याला ओ की ठो कळत नव्हतं. मी सारखी त्याच्याकडे बघत होते, हा लिहून काय घेणार म्हणून. दुसऱ्या अंकात मी सुनेच्या पिशवीचा नुसता वास घेतला, एक शब्द बोलले नाही, आणि त्या माणसाने टोपी काढून तोंडावर धरली. त्याचे खांदे हलत होते. तेव्हापासून मला वाटतं की माझं खरं काम कानाचं नाहीच, डोळ्याचं आहे. पण हे मी माझ्याच बाबतीत विसरले.

माझं सगळ्यात गाजलेलं काम म्हणजे बहिरी सासू. तीन-चार नाटकांत ती आहे. इतर बायका बहिरीचं काम करताना एकाचं भलतंच ऐकून उत्तरं देतात. मला ते स्वस्तातलं वाटायचं. मी फक्त संशय दाखवायचे. दोघं बोलत असले की मधे जाऊन उभं राहायचं. आधी याच्या ओठांकडे बघायचं, मग तिच्या. मग काहीच बोलत नसलेल्या तिसऱ्याकडे जास्त वेळ बघायचं. आणि शेवटी, सगळं कळलंय असं दाखवत, मान हलवत आत जायचं. हशा थांबायचा नाही.

ते सगळं मी आईचं उचललं होतं. आईचे कान पन्नाशीतच मागाने खाल्ले होते. वडगावात ती काही नवलाई नाही. पण आई ते कबूल करत नव्हती. तिचं म्हणणं, लोकच हल्ली हळू बोलतात, आणि ते मुद्दाम बोलतात. "मला सोडून काय बोलूलालीसा गं?" हे तिचं दिवसातून दहा वेळा. मी तिची भुवई, तिची मान, तिचं दारामागे उभं राहणं, सगळं घेतलं आणि गावोगाव विकलं. ती पहिल्या रांगेत बसून बघायची, हसायची, आणि घरी आल्यावर म्हणायची, "ती म्हातारी लई हुशार हाय. तिला कोण फसवू शकत न्हाय." तिला कळलं होतं की नव्हतं, हे मला शेवटपर्यंत कळलं नाही. लाज मात्र मला तेव्हाही वाटायची, आणि तरी मी ते काम सोडलं नाही.

अनगोळची त्या नाटकांत सून असायची. गंभीर बाई. तोंड कसं, धुतलेल्या पाटीसारखं. बावीस वर्षांत ती माझ्या एकाही जागेला हसली नाही. स्टेजवर नाही हसली ते बरोबरच आहे, छळली जाणारी सून हसली तर नाटकाचं काय? पण ती तालमीतही हसायची नाही, बसमध्ये मी कंडक्टरची नक्कल केली तरी नाही. एकदा मी विचारलंच. ती म्हणाली, "आक्का, इथं हसायची सवय लागली की तिथं पण हसू येतंय. म्हणून मी हसतच न्हाय." कारण पटण्यासारखं होतं. पण मला पटलं नाही. मला वाटायचं, हिला मी विनोदी वाटतच नाही. सगळं गाव हसतं आणि शेजारी उभी असलेली बाई हसत नाही, हे बारीक खड्यासारखं चपलेत राहतं.

मग हशा कमी व्हायला लागला. म्हणजे मला तसं वाटायला लागलं. पूर्वी वाक्य टाकलं की अंगावर यायचा तो हशा, आता कुठूनतरी दुरून, कांबळ्याखालून आल्यासारखा यायचा. मी कारणं शोधली. मोबाईल आला, लोकांना आता घरात फुकटात हसायला मिळतं. तरणी पोरं गावात राहिली नाहीत. माइकवाला चोर आहे, माझ्याकडचा माइक बारीक ठेवतो. एका माइकवाल्याशी मी यावरून कडाकडा भांडले. तो काय म्हणाला ते नीट ऐकू आलं नाही, म्हणून मी धरून चालले की शिवी दिली असणार.

माझे कान गेले असतील हे माझ्या डोक्यात आलं नाही. आमच्या गल्लीत सगळेच ओरडून बोलतात. घरात मला सगळं ऐकू येत होतं. आणि ज्या बाईने आयुष्यभर बहिरीचं सोंग केलं, तिला वाटतं की बहिरेपण आपल्या पिशवीत आहे, लुगड्याबरोबर घडी करून ठेवलेलं.

त्याच सुमारास मला अनगोळचीचा पदर दिसला. मी वाक्य टाकलं की ती खांद्यावरचा पदर पुढे ओढून हातात धरायची. आणि मी पुढचं वाक्य घ्यायच्या अगदी आधी तो मागे टाकायची. एकदा झालं, दोनदा झालं. मग मी लक्ष ठेवायला लागले. पुढच्या गावात मोजलं. माझ्या एकूण एक जागेवर तिचा पदर पुढे येत होता. एकही सुटली नव्हती. आता कळलं, हशा कुठे जातोय! लोक हसायच्या बेतात असतात आणि ही पदर हलवून त्यांचे डोळे ओढून घेते. त्याच्याआधी काही दिवस ती मला कोपर लावायची, तेव्हा मी झटकलं होतं. कोपर जमलं नाही म्हणून हिने पदर काढला.

मी तिला विचारलं नाही. संशयी माणूस विचारत नाही, तो पुरावा गोळा करतो. दोन वर्षं मी पुरावा गोळा केला. बसमध्ये शेजारी बसून तिच्या डब्यातलं खाल्लं, तिच्या खांद्यावर डोकं टेकून झोपले, आणि मनात तिचा हिशोब ठेवला.

निपाणीकडच्या एका गावातले मास्तर त्या मंडळाचे प्रमुख होते. निवृत्त झालेले, नाटकाचं वेड असलेले, सज्जन गृहस्थ. दोघींना बोलवायला ते वडगावला घरी आले. चहा पिता पिता मी बोलून टाकलं. "मास्तर, मी पायजे असलो तर ती नको. ती जागा मारती."

मास्तरांनी कप खाली ठेवला. "अनगोळची? काय सांगताय काय?"

"मी कशाला खोटं बोलू? बावीस वरसं बरोबर हाय मी तिच्या."

मी बावीस वर्षं बरोबर आहे, यानेच घात केला. माझ्या शब्दाला वजन होतं. मास्तरांनी तिला बोलावलं नाही. आणि जत्रेची मंडळं म्हणजे एकमेकांची सोयरी, एका गावात सकाळी बोललेलं दुपारी दुसऱ्या गावात पोचतं. त्या हंगामात अनगोळचीला कुठूनच बोलावणं आलं नाही. मला वाईट वाटलं का? नाही वाटलं. मला हलकं वाटलं. आता माझा हशा मला परत मिळणार होता.

मास्तरांच्या गावात सुनेच्या कामाला कोल्हापूरकडची एक नवीन मुलगी आणली होती. शिकलेली सून दाखवायची म्हणून तिला पंजाबी ड्रेस दिला होता. मी माझी ठरलेली पहिली जागा घेतली. पुढच्या रांगेतल्या तंबाखूच्या वखारीत काम करणाऱ्या बायकांची तोंडं उघडलेली दिसली, त्यामागे सगळा काळोख. मी थांबले. किती थांबायचं? माझी मान आपोआप उजवीकडे वळली. काय बघायला वळली ते मलाही कळेना. तिथे ती मुलगी उभी होती, ओढणी पिनांनी खांद्याला पक्की लावलेली. मी बोलले. लोक अजून हसतच होते, माझं वाक्य त्यात वाहून गेलं. पुढच्या जागेला मी जास्त थांबले. इतकी थांबले की त्या मुलीच्या कपाळावर आठी आली. प्रॉम्प्टरने विंगेतून वाक्य सांगितलं. मला ऐकू आलं नाही. त्याने पुन्हा सांगितलं. तिसऱ्यांदा तो एवढ्याने ओरडला की सगळ्या गावाने ऐकलं, आणि गाव हसलं. ते हसू माझ्या वाक्याला नव्हतं, मला होतं. ते मात्र मला ऐकू आलं.

तेव्हा माझी मान तिसऱ्यांदा उजवीकडे वळली आणि मला समजलं की मी काय शोधतेय. मी पदर शोधत होते. दोन वर्षं मी त्या पदराच्या हुकमावर बोलत होते. पुढे आला की गप्प, मागे गेला की बोल. मन तिच्या नावाने बोटं मोडत होतं आणि अंग तिचं ऐकत होतं.

अनगोळला तिच्या घरी गेले ती त्यानंतर चार दिवसांनी, सकाळी. धीर व्हायला तेवढे दिवस लागले. ती दाराकडे पाठ करून शिलाई मशीनवर साडीला फॉल लावत बसली होती. मी उंबऱ्यात उभी राहिले आणि म्हटलं, "माझं चुकलं." तिने मशीन थांबवलं नाही. तिची मान जराशी हलली, म्हणजे ती काहीतरी बोलली. चार शब्द असतील, चाळीस असतील. मला एकही कळला नाही. ती पुन्हा काहीतरी बोलली. मी आयुष्यात कधी कुणाला जे म्हटलं नव्हतं ते मला म्हणावं लागलं.

"माझ्याकडं बघून बोल गं. मला ऐकू येत न्हाय."

मशीन थांबलं. ती वळली. तिचे डोळे लाल होते. "एवढं बोलायला चार वरसं लागली तुला?" ती म्हणाली.

चार वर्षं तिला माहीत होतं. लोंढ्याच्या स्टेशनात आम्ही बसलेलो, गाडीची शिट्टी झाली, सगळे पळाले आणि मी आपली भजी खात बसले, तेव्हापासून. "माझ्या हातात दोन पिशव्या, आणि तू मला म्हणालतीस, एवढी घाई काय करूलालीस, अजून शिट्टी कुठं झालीया!" हे सांगतानाही ती हसली नाही.

"मग सांगिटली का न्हाईस?"

"सांगिटलं असतं तर तू पदराकडं बघायला लागली असतीस. मग लोकांनी पण बघितलं असतं." तिने कात्री खाली ठेवली. "आधी कोपर लावत होतो, तू झटकलीस. म्हणून पदर धरला. आणि तू जाऊन सांगिटलीस, मी जागा मारतो म्हणून. आक्का, माझ्याबद्दल कोण काय पण बोलूदे, पण हे?"

मी रडले. स्टेजवर मला रडायचं काम कधी मिळालं नाही, त्यामुळे ते मला नीट येत नाही, फार आवाज होतो म्हणे. तिने पाणी दिलं. पण आता पुन्हा आपण दोघी जाऊ असं मी म्हटल्यावर तिने मान हलवली. "मला कोण बोलवतंय आता? आणि बोलावलं तरी तुझ्या शेजारी मी उभी राहत न्हाय."

घरी आले आणि दोन दिवस विचार केला. तिचं नाव धुवून काढायचं तर मास्तरांना खरं सांगायला हवं होतं. आणि खरं सांगायचं म्हणजे माझे कान गेलेत हे सांगायचं. बहिऱ्या पात्राला कोण बोलावणार? मी म्हातारी, एकटी, मागही विकून टाकलेले. नाटकाशिवाय मी सकाळी उठून काय करणार होते? एक मन म्हणत होतं, ती काय उपाशी मरत नाही, फॉल-पिको चालू आहे तिचं. ते माझंच मन होतं, दुसऱ्या कुणाचं नव्हतं. त्या मनाची मला अजून किळस येते.

कानाच्या डॉक्टरकडेही जाऊन आले. ते म्हणाले, मागाने नसा गेल्यात, मशीन लावून बघा. लावून बघितलं. वडगावातले बंद पडलेले सगळे माग एकदम कानात सुरू झाले. काढून ठेवलं.

मग मी निपाणीची बस धरली. मास्तरांच्या गावात त्या दुपारी मारुतीच्या देवळात मंडळाची बैठक होती, दहा-बारा माणसं बसलेली. फोनवर हे सांगता येण्यासारखं नव्हतं, फोन मला ऐकूच येत नाही. मी त्यांच्या समोर उभी राहिले आणि म्हटलं, "अनगोळचीनं कधी कुणाची जागा मारली न्हाय. मी खोटं बोललो. मला ऐकू येत न्हाय."

एक क्षण सगळे माझ्याकडे बघत राहिले. मग एकाची मिशी हलली. दुसऱ्याने तोंडावर उपरणं घेतलं. आणि मग सगळं देऊळ हसायला लागलं. त्यांना वाटलं, वडगावची बहिऱ्या सासूचं काम करून दाखवते आहे. मी बोलताना सवयीने एकाच्या ओठांवरून दुसऱ्याच्या ओठांवर बघत होते, आईसारखीच भुवई उचलून. मला त्यांचे आवाज येत नव्हते, पण पोटं हलताना दिसत होती. इतका मोठा हशा मला कित्येक वर्षांत मिळाला नव्हता.

मी थांबले. उजवीकडे कुणी नव्हतं. डोळ्यांनीच बघत राहिले, कुणाचे खांदे थांबले, कुणी नाक पुसलं, कुणाला अजून उबळ येतेय. सगळ्यात आधी मास्तर थांबले. ते माझ्याकडे बघत होते आणि त्यांचं तोंड हळूहळू मिटत होतं. त्यांनी हात वर करून बाकीच्यांना गप्प केलं.

"खरंच?" त्यांनी ओठ मोठे करून विचारलं.

"व्हय मास्तर. खरंच."

त्यानंतरच्या हंगामात अनगोळचीला पुन्हा बोलावणी आली. मला नाही आली. मास्तरांनी घरी येऊन शाल दिली, माझे हात हातात घेऊन बराच वेळ काहीतरी चांगलं बोलले. शाल द्यायला लागले म्हणजे माणसाचं संपलं, हे मला कळतं. मला राग आला. अजूनही येतो. आपणच केलेल्या गोष्टीचा राग काढायला माणूस सापडत नाही, म्हणून मी सध्या भाजीवालीशी भांडते.

यंदा संक्रांतीच्या हळदीकुंकवाला वडगावातल्या बायकांनी आग्रह केला. दुपारची वेळ, गल्लीतलाच हॉल, पंधरा मिनिटं बहिरी सासू करून दाखव म्हणाल्या. शेजारी पात्र नाही, प्रॉम्प्टर नाही. मी नको म्हणत होते. पण पडदा सरकवून बघितलं तर पहिल्या रांगेत अनगोळची बसलेली. तिला कुणी बोलावलं मला माहीत नाही. आमचं बोलणं नव्हतं. मला वाटलं, माझी फजिती बघायला आली असणार. मग वाटलं, पदर दाखवायला आली असेल. दोन्हींतलं काय बरं, हे ठरवता येईना.

मी बाहेर आले. मधे उभी राहिले. याच्या ओठांकडे, तिच्या ओठांकडे, असं रिकाम्या हवेत बघितलं आणि मग काहीच न बोलणाऱ्या तिसऱ्याकडे. आणि थांबले. माझी नजर पहिल्या रांगेत गेली, तिच्या खांद्यावर. पदर हलला नाही. हात मांडीवर तसेच होते. मी वर बघितलं.

ती हसत होती. बावीस वर्षांत न हसलेली बाई तोंड उघडून, मागे रेलून, शेजारणीच्या गुडघ्यावर चापट मारत हसत होती. तिचे पुढचे दोन दात वाकडे आहेत हे मला त्या दिवशी कळलं. मी बघत राहिले. ती शांत झाली तसं मी पुढचं वाक्य घेतलं, आणि ती पुन्हा सुटली. पंधरा मिनिटं मी तिच्या तोंडावर नाटक केलं. एकही जागा चुकली नाही.

संशय काही जात नाही. घरी आल्यावर मनात आलंच, ही खरंच हसत होती, की कुठे थांबायचं ते मला कळावं म्हणून? ती नटी आहे, तिला काहीही करता येतं. डोळ्यात पाणी आणायचं तर ती बावीस वर्षं दररोज आणत होती. मी रात्रभर उलटसुलट तपासलं, जसा तिचा पदर तपासला होता तसाच. शेवटी एक गोष्ट सापडली. हसून हसून तिच्या डोळ्यांतून पाणी आलं तेव्हा ते पुसायला तिने पदर घेतला नाही. उलट्या हाताने पुसलं, आणि काजळ गालावर सगळं फरफटलं. स्टेजवर तिने काजळ कधी फरफटू दिलं नव्हतं.